कुजबुजे यांची एकमेव चूक

त्या फिल्ममध्ये मी नर्स होते आणि कुजबुजे मुके होते.

वीस मिनिटांची विनोदी फिल्म. तेव्हा मोठ्या चित्रपटाच्या आधी, लोक अंधारात आपल्या खुर्च्या शोधत असताना, अशा छोट्या गाण्याबजावण्याच्या फिल्मा दाखवत. एका फिल्मवाल्याने आमची अख्खी नाटक कंपनी चार दिवसांसाठी बोलावली आणि आमच्याच रंगमंचावर लोखंडी खाटा मांडून इस्पितळ उभं केलं. गोष्ट एवढीच, की एका रडक्या इस्पितळात नवा डॉक्टर येतो, औषधाच्या बाटल्या खिडकीतून भिरकावून देतो आणि प्रत्येक रोग्याला गाणं लिहून देतो. दिवसातून तीन वेळा, जेवणानंतर. आमचा डॉक्टर म्हणजे कंपनीतला जाडा विनोदी नट. तो गळ्यात ट्रम्पेट अडकवून फिरायचा आणि त्याचं रुंद तोंड रोग्याच्या छातीला लावून दुसऱ्या टोकाला कान द्यायचा. संधिवातवाले नाचू लागतात, तापवाले ताल धरतात, मोठ्या नर्सबाईंचा जन्माचा राग उतरतो. शेवटी उरतो एक मुका. त्याला कशाचाच गुण येत नाही. मग धाकटी नर्स त्याच्या उशाशी बसून गाण्याच्या तीन ओळी म्हणते, चौथीला थांबते, आणि ती ओळ मुका पुरी करतो.

एक चमचा सूर सकाळी,
एक चमचा सांजेला,
आणि उरलं जर बाटलीत काही,
दे शेजारच्या खाटेला!

मग सगळं इस्पितळ खाटांवर चढून नाचतं, आणि समाप्त. काव्य म्हणून यात काही नाही, मला ठाऊक आहे. पण चाल अशी लबाड होती, की एकदा कानात शिरली की भाडेकरूसारखी ठाण मांडून बसायची.

मुक्याचं काम करणारा नट पहिल्याच सकाळी खाटेवरून नाचता नाचता पडला आणि मनगट मोडून घेतलं. दिग्दर्शक कपाळाला हात लावून बसला. तेव्हा कोणीतरी म्हणालं, "कुजबुजेंना उभं करा की! त्यांना सगळ्यांची सगळी कामं पाठ आहेत."

कुजबुजे हे त्यांचं खरं आडनाव नव्हे. ते आमचे प्रॉम्प्टर. डाव्या विंगेत एक तिपाई, पत्र्याची टोपी घातलेला एक छोटा दिवा, मांडीवर नाटकाची वही, आणि वहीतल्या चालू ओळीवर ठेवलेलं डाव्या हाताचं पहिलं बोट. नट बोलत जाई तसं ते बोट खाली सरकत जाई. कोणी अडखळलं की विंगेतून नेमके दोन शब्द येत, जास्त नाही, कमी नाही, आणि ते पहिल्या रांगेलाही ऐकू जात नसत. घरीदारीही त्यांचा आवाज तेवढाच. म्हणून कुजबुजे. पगारपत्रकावरसुद्धा तेच नाव लागलं होतं असं म्हणतात. मी काही पाहिलेलं नाही.

लोकांना वाटतं, प्रॉम्प्टरला वाचता आलं की झालं. तसं नसतं. नट रंगमंचावर गप्प झाला तर तो विसरला आहे की मुद्दाम थांबला आहे, हे त्याला एका क्षणात ओळखावं लागतं. विसरलेल्याला शब्द दिला नाही तर प्रयोग पडतो. आणि थांबलेल्याला दिला, तर महिनाभर घासून घासून बसवलेला विराम मोडतो, आणि मग मध्यंतरात नट चपला घेऊन विंगेत येतो. कुजबुजेंवर अशी पाळी कधी आली नाही. मी त्यांना विचारलं होतं, "तुम्हाला कळतं कसं हो?"

"सोपं आहे," ते म्हणाले. "विसरलेला माणूस श्वास घेतो. थांबलेला माणूस श्वास धरतो. बघत जा."

तर अशा या माणसाला, ज्याला सगळ्यांची सगळी वाक्यं येत होती, आयुष्यात एकच भूमिका मिळाली आणि तिच्यात एकच ओळ होती. ती त्यांना म्हणता येईना! मी तीन ओळी गायचे, थांबायचे, कॅमेरा त्यांच्या तोंडाशी, आणि कुजबुजे "दे शेजारच्या" म्हणायचे ते माझ्यासुद्धा कानी पडायचं नाही. दिग्दर्शक ओरडायचा, "अहो, तुम्ही मुके आता बरे झालात! इस्पितळाला कळू तर द्या!" सोळा वेळा झालं. सतराव्या वेळी कुजबुजेंची पार दातखिळी बसली, ओळच आठवेना. ज्यांना कधी कोणाच्या मदतीची गरज पडली नव्हती, त्यांना मदत करायला विंगेत कोणी नव्हतं, कारण विंगेतला माणूस खाटेवर होता.

तेव्हा कॅमेऱ्याच्या मागून खणखणीत आवाज आला, "दे शेजारच्या!"

आमचा कपडेपट सांभाळणारी मुलगी. नर्सच्या टोप्या टाचायला उभी होती, तोंडात टाचण्या. त्या काढून हातात घेऊन तिने ओळ दिली होती. कुजबुजे दचकले, तिच्याकडे बघितलं, आणि असे काही गायले की वरच्या दिव्यांवर बसलेली कबुतरं उडाली. फिल्ममध्ये तोच तुकडा आहे. नीट बघितलं तर कळतं, की मुका नर्सकडे बघतच नाही. तो माझ्या खांद्यावरून पलीकडे कुठेतरी बघतो आहे.

त्याच वर्षी त्यांनी लग्न केलं. ती आमची सगळ्यांची वहिनी झाली, माझ्याहून तीन वर्षांनी लहान असून. मी मात्र कुजबुजेंच्या लेखी कायमची नर्सबाई राहिले.

फिल्म काही आठवडे चालली आणि विसरली गेली. नाटक कंपनी आणखी वीसेक वर्षं टिकली. मग थिएटरच्या जागी गाद्यांचं दुकान झालं, म्हणजे खाटा परत आल्या म्हणायच्या. कुजबुजे आणि वहिनी दुसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत राहत. मूलबाळ नव्हतं. खाली किल्ल्या बनवणाऱ्याचं दुकान, त्यामुळे दिवसभर कानस घासल्याचा आवाज वर यायचा. वहिनी खिडकीशी बसून शेजाऱ्यांचे कपडे दुरुस्त करायच्या आणि बोलायच्या. किती बोलायच्या! कुजबुजे बोलत नसत म्हणून दोघांचा वाटा त्याच उचलत. कोणाचा कोट उसवला, कोण जाड झालं, कोणाच्या खिशात कोणाची चिठ्ठी सापडली. कुजबुजे समोर बसून ऐकत, आणि मी पाहिलं आहे, त्यांचं बोट टेबलाच्या कडेवरून हळूहळू सरकत असायचं. वही नव्हती, पण सवय जाते थोडीच.

दोन वर्षांपूर्वीची गोष्ट. संध्याकाळची वेळ होती. कुजबुजे पाव आणायला निघाले होते, बूट घालून दारात. वहिनी त्यांच्या सदऱ्याला काहीतरी करत बसल्या होत्या. म्हणाल्या, "अहो, एक सांगायचंय तुम्हाला."

"आल्यावर सांग. दुकान बंद होईल."

"मग राहिलंच!"

"दहा मिनिटांत येतो गं."

ते पंधरा मिनिटांनी आले तेव्हा वहिनी खुर्चीच्या बाजूला पडलेल्या होत्या. सदरा तसाच मांडीखाली, सुई त्याच्यात.

उजवी बाजू गेली आणि वाचा गेली. समजत सगळं होतं. डोळे तसेच चपळ, पण तोंडून एकच शब्द यायचा, "हे." पाणी हवं असलं तरी हे, खिडकी लावायची असली तरी हे, चिडल्या तरी हे, हे, हे! आणि मग डाव्या हाताने पांघरुणावर आपटायच्या. एवढ्या बोलक्या बाईची ती दशा बघवत नसे. मी जिन्यातच डोळे पुसून घ्यायचे आणि वर जाताना नर्सबाईसारखं हसत जायचे.

कुजबुजेंना एकाच गोष्टीने पछाडलं होतं. "नर्सबाई, ती काय सांगणार होती?"

"आता ते कसं कळणार हो?"

"ती सांगेल. मी विचारलं तिला. तिने मान हलवली. आहे तिच्या लक्षात. फक्त बाहेर येत नाही."

आठवड्यातून दोनदा बोलणं शिकवायला एक थेरपिस्ट मुलगी यायची. मोठी शहाणी पोर. तिनेच सांगितलं, की काही माणसांचं बोलणं जातं पण गाणं राहतं, मेंदूत त्याची जागा वेगळी असते. जुनं, पाठ असलेलं गाणं लावून बघा. कुजबुजेंनी थेट माझं घर गाठलं. त्यांना धाप लागली होती. "ती फिल्म आहे का गं तुझ्याकडे?"

होती. माझ्या भाच्याने कुठल्याशा गोदामातल्या डब्यातून सोडवून ती माझ्या वाढदिवसाला टॅबलेटवर घालून दिली होती. आम्ही तो टॅबलेट वहिनींच्या पांघरुणावर उशीला टेकवून ठेवला. पडद्यावर मुंग्या आल्यासारखं दिसत होतं, आवाज खरखरत होता. डॉक्टरने ट्रम्पेट छातीला लावला आणि वहिनींच्या तोंडाचा डावा कोपरा हसला. मग मी आले, कमरेत एवढीशी, टोपी तिरकी. माझ्या तीन ओळी झाल्या.

"दे शेजारच्या खाटेला," वहिनी गायल्या.

स्पष्ट, सुरात, शेवटचा "ला" लांबवून! कुजबुजे खुर्चीतून उठले आणि परत बसले. वहिनी स्वतःच दचकल्या होत्या, डोळे मोठे करून आमच्याकडे बघत होत्या, जणू दुसरंच कोणी खोलीत गायलं होतं.

पुढचे तीन महिने त्या दोन खोल्यांत तीच फिल्म चालू होती म्हणा ना. दिवसातून तीन वेळा, जेवणानंतर. कुजबुजे पहिले दोन शब्द कुजबुजायचे, "एक चमचा", आणि वहिनी पूर्ण गाणं म्हणायच्या. मग थेरपिस्टच्या सांगण्यावरून त्याच चालीत कामाची वाक्यं बसवली. "एक पेला पाणी द्यावे", "खिडकी थोडी लावून घ्यावी". कुजबुजे कवी झाले! "उशी जराशी वर सरकवा" ही त्यांचीच रचना. मी गेले की वहिनी गाऊन दाखवायच्या, "नर्सबाईंना चहा करावा", आणि कुजबुजे स्वयंपाकघरातून, "चालीत साखर किती ते बसत नाही गं, तूच सांग!" खालचा किल्लीवाला एकदा वर येऊन म्हणाला, "काका, तुमचं ते गाणं मी आता कानस घासताना म्हणतो. गिऱ्हाईकं हसतात मला." त्या दिवशी आम्ही सगळे हसलो. वहिनीही हसल्या. मला वाटलं, झालं, आमची ती वेडगळ फिल्म खरी निघाली.

पण थेरपिस्ट एके दिवशी वही मिटून म्हणाली, "काका, आता तुम्ही पहिले शब्द देणं बंद करा."

"का?"

"त्या तुमच्या शब्दांवर चालतायत. आता त्यांचे त्यांना सापडू द्या. त्या थांबल्या तर तुम्ही मनात दहा आकडे मोजा. दहा होईपर्यंत एक अक्षर बोलायचं नाही. जमेल?"

कुजबुजे हसले. "पोरी, उभा जन्म मी तेच केलंय."

ते गुरुवारी दुपारी घडलं. मी तिथेच होते, म्हणून सांगते. वहिनींना खिडकीशी खुर्चीत बसवलं होतं. त्यांच्या मांडीवर तो सदरा होता, तोच, सुई काढून ठेवलेला. त्यांनीच "हे, हे" करून कपाटातून काढायला लावला होता. डाव्या हाताने त्या त्याची कॉलर चाचपत होत्या. खाली किल्लीवाला जेवायला गेलेला, त्यामुळे सगळीकडे शांत. एकदम त्यांनी मान वर केली, कुजबुजेंकडे बघितलं, आणि चाल नाही, सूर नाही, साध्या बोलण्यात म्हणाल्या,

"अहो. मला."

आणि थांबल्या.

कुजबुजेंचं बोट टेबलाच्या कडेवर होतं. मी ते बघत होते, कारण वहिनींच्या तोंडाकडे बघायचा मला धीर होईना. बोट मोजत होतं. एक. दोन. तीन. वहिनींचा खालचा ओठ थरथरत होता. चार. पाच. सदऱ्यावरची मूठ आवळली. सहा. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. सात.

"एक चमचा," कुजबुजे कुजबुजले.

आणि वहिनी गाऊ लागल्या. काय करतील? तीन महिने तो शब्द आला की गायचं, हेच औषध होतं. "एक चमचा सूर सकाळी, एक चमचा सांजेला," चारी ओळी, एक अक्षर न चुकता, गालांवरून पाणी वाहतंय आणि तोंड गातंय. शेवटचा "ला" लांबवला. मग त्यांनी सदऱ्याकडे बघितलं, तो कशाला घेतला होता ते विसरल्यासारखं, आणि खाली ठेवला.

कुजबुजेंनी नंतर खूप प्रयत्न केले. सदरा मांडीवर ठेवला, खिडकीशी बसवलं, शंभरापर्यंत मोजलं. ती दुपार परत आली नाही. पाच आठवड्यांनी दुसरा झटका आला आणि वहिनी गेल्या, झोपेतच.

मी त्यानंतर दर गुरुवारी जाऊ लागले. पहिल्या काही गुरुवारी आम्ही नुसतेच बसायचो. मग एकदा ते म्हणाले, "विराम होता, नर्सबाई."

मला लगेच कळलं नाही.

"ती विसरली नव्हती. श्वास धरला होता तिने. मी बघितलं होतं. श्वास धरलेला मला दिसत होता, तरी मी शब्द दिला."

"अहो, त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. कोणालाही राहवलं नसतं."

"कोणालाही नाही. मी प्रॉम्प्टर." ते टेबलाकडे बघत होते. "आणि शब्द तरी कुठला दिला? त्या वाक्याची वही माझ्याकडे नव्हती. पुढचं मला ठाऊकच नव्हतं. म्हणून जे ठाऊक होतं तेच दिलं. अख्ख्या जन्मात नाटकात एकदाही चुकलो नाही गं मी."

नाटकवाल्या बाईला गप्प बसणं जमत नाही. मी म्हटलं, "तुम्ही उगाच जिवाला लावून घेताय. काय मोठं सांगणार होत्या हो त्या? सदरा हातात होता ना? म्हणायचं असेल, कॉलर उसवलीय, नाहीतर पांढरी बटणं संपलीत, येताना घेऊन या. एवढंच असेल."

मला वाटलं, यातून त्यांना थोडं हलकं वाटेल.

त्यांनी टेबलाच्या कडेवरचं बोट मागे घेतलं. मग म्हणाले, "हो. तसंच असणार. बटणंच असतील." आणि थोड्या वेळाने, माझ्याही जेमतेम कानी पडेल असं, "तेच ऐकायचं होतं मला."

 

आता मलाही शब्द सापडेनासे झालेत. आजार नाही काही, वय आहे. बोलता बोलता एखादं नाव, एखादी वस्तू कुठेतरी जाऊन बसते. घरचे सगळे मायेने धावून येतात. "चष्मा का, आत्या? किल्ली का? ते शेजारचे का?" त्यांनी दिलेला शब्द मी घेते आणि मान हलवते. पुष्कळदा तो माझा नसतो, पण त्यांचा हिरमोड कशाला करा.

मागच्या गुरुवारी कुजबुजेंना काहीतरी सांगत होते. आमच्या त्या जाड्या डॉक्टरचा किस्सा, एका प्रयोगात त्याने खिशातून भलतंच काहीतरी बाहेर काढलं होतं तो. ऐन गमतीच्या जागी आले आणि ते भलतं म्हणजे काय, तेच गेलं. पार गेलं. मी तोंड उघडं ठेवून बसले. कुजबुजे त्या प्रयोगाला विंगेत होते, त्यांना ते अर्थातच ठाऊक होतं. त्यांना सगळंच ठाऊक असतं.

मी त्यांच्याकडे बघितलं. त्यांनी ओठ मिटले होते. खाली किल्लीवाल्याची कानस चालू होती, थांबली, पुन्हा चालू झाली. चहावर साय धरली. दहा केव्हाच होऊन गेले असतील. त्यांचं बोट टेबलाच्या कडेवर होतं, आणि ते जागचं हललं नाही.

"बूट!" मी म्हटलं. "लहान मुलाचा बूट!"

कुजबुजेंनी मान डोलावली. "आलं ना?" ते म्हणाले, आणि बोट एक ओळ खाली सरकवलं.